नोटिशीत नसलेलं पान

३ जून

प्रिय घुम्या,

पत्र बघून दचकू नकोस, घरी सगळे धड आहेत. फोन केला असता, पण तू फोनवर नुसता हुंकार भरतोस आणि मला या वेळी हुंकार नकोय.

काल माझ्या दवाखान्याला नोटीस आली. तुझ्याच परवाना कार्यालयाची, गोल शिक्का आणि खाली साहेबांची सही. मार्चमध्ये तुमचा निरीक्षक येऊन गेला, त्याची ही कृपा. वीस मिनिटं थांबला, एक्स-रेच्या खोलीत किरण मोजायचं यंत्र इकडून तिकडे फिरवलं, चहा नको म्हणाला आणि गेला. मी एवढंच विचारलं होतं की हे मोजायचं यंत्र तुम्ही शेवटचं कधी तपासून घेतलंत. त्यावर त्याने माझ्याकडे असं पाहिलं, जसा काही मी त्याचा जन्मदाखला मागितला.

नोटिशीत तीन मुद्दे आहेत. दारावरचा लाल दिवा लागत नव्हता. खरं आहे, बल्ब गेला होता, दुसऱ्या दिवशी बदलला. आमच्या छातीवरचे किरण मोजणारे बिल्ले तपासणीला उशिरा पाठवले. तेही खरं, नऊ दिवस उशीर झाला. नोंदवहीत अकरा दिवस माझी सही नाही. ते अकरा दिवस मी तापाने अंथरुणात होते आणि दवाखाना बंद होता, सही कशावर करणार? एवढ्यावरून 'परवान्याचे नूतनीकरण का नाकारू नये' असं विचारलंय. परवाना एकतीस जुलैला संपतो. त्यानंतर यंत्राचं बटण दाबलं तरी गुन्हा.

मी भित्री नाही, तू जाणतोस. पण बल्ब गेला म्हणून कुणी सव्वीस वर्षांचा दवाखाना बंद करत नाही रे. आत दुसरंच काहीतरी शिजतंय, आणि ते काय हे मला कळत नाही. तू तिथे फायली लावतोस. माझ्या फायलीत काय आहे, एवढंच बघून सांग.

मामांना यातलं काही बोलू नकोस. ते लगेच पिशवी घेऊन माझ्या मदतीला निघतील.

तुझी ताई


८ जून

ताई,

पत्र मिळालं. पाकिटामागे तुझ्या दवाखान्याचा शिक्का होता. पोस्टमनने ते आमच्या खाली राहणाऱ्या बाईंकडे दिलं. त्या आमच्याच ऑफिसात टायपिस्ट आहेत. त्यांनी जिन्यात माझ्या हातात ठेवलं आणि काही बोलल्या नाहीत. त्या एरवी जिन्यात भेटल्या की दहा मिनिटं सोडत नाहीत.

यापुढे साधं पाकीट वापर आणि पत्ता दुसऱ्या कुणाकडून लिहून घे. डॉक्टरी अक्षर लपत नाही.

तू विचारलंस ते मला सांगता येणार नाही. अर्जदाराशी फायलीबद्दल बोलायचं नाही, हा इथला पहिला नियम. तू माझी आतेबहीण आहेस हे इथे कुणाला माहीत नाही, आणि माहीत नसलेलंच बरं.

फक्त नोटिशीतल्या तीन मुद्द्यांचं उत्तर दे. त्यापलीकडे एक अक्षर लिहू नकोस. हे पत्र फाडून टाक.

घुम्या


१२ जून

प्रिय घुम्या,

पाकिटावरचं अक्षर आमच्या तंत्रज्ञ बाईंचं आहे. त्यांना सांगितलं, हात दुखतोय. त्यांनी माझ्या हाताकडे पाहिलं आणि पत्ता लिहिला. माझ्याकडे एकोणीस वर्षं आहेत त्या. काल विचारत होत्या, 'डॉक्टर, मी दुसरीकडे बघून ठेवू का?' मी हसून वेळ मारून नेली.

आता तुझ्याकडे येते. 'फक्त नोटिशीतल्या तीन मुद्द्यांचं उत्तर दे.' त्यातला 'फक्त' मी चार वेळा वाचला. सहावी ते अकरावी तू आमच्या घरी होतास. माझा थर्मामीटर फोडलास तेव्हा चार दिवस एकच वाक्य बोलत होतास: 'कपाट उघडू नका.' कपाटाबद्दल कुणी तुला विचारलंही नव्हतं. तू खोटं बोलत नाहीस, तू मोजकं बोलतोस, आणि तेव्हाच समजावं की पाणी कुठेतरी मुरतंय.

चौथं काहीतरी आहे. हो ना?

नियम मलाही कळतात. पण माझ्याविरुद्ध काय म्हटलंय ते मला न सांगता मला शिक्षा करायची, हा कुठला नियम? आजकाल दारात गाडी थांबली की माझा हात पेशंटच्या अंगावरून उचलला जातो. सोनोग्राफी करताना असा हात उचलला की पेशंट घाबरतात. त्यांना वाटतं मला आत काही दिसलं. परवा एका बाईंची समजूत घालायला अर्धा तास लागला.

मी तुला कधी काही मागितलेलं नाही. आज मागतेय.

तुझी ताई


१७ जून

ताई,

वाचून लगेच जाळ. फाडू नकोस, जाळ.

तुझ्या फायलीत निरीक्षकाच्या अहवालामागे एक गोपनीय पान आहे. किरण भिंतीबाहेर येत असतील तर ते नोटिशीत लिहायचं नाही, गोपनीय पानावर लिहायचं, अशी पद्धत साहेबांनी पाडली आहे. लोक घाबरून बोंब मारतात म्हणून. ते पान अर्जदाराला दाखवत नाहीत. निर्णय मात्र त्यावरूनच होतो, नोटिशीतले मुद्दे नावापुरते.

तुझ्या पानावर लिहिलंय: 'कपडे बदलण्याच्या खोलीकडील भिंतीत शिशाचा पत्रा अपुरा. आकडा मर्यादेच्या सहापट. खोलीत व्यक्तींचा सतत वावर.' शेजारी साहेबांच्या पेन्सिलीने बारीक अक्षरात 'नूतनीकरण नको' असं आहे.

सुनावणी दहा जुलैला. तिथे यातला ब्र काढलास तर हे तुला कुणी सांगितलं, ते विचारायलाही लागणार नाही. फायली लावणारा मी एकटाच आहे.

हे लिहिताना बायकोने दोनदा विचारलं, कुणाला लिहिताय. दोनदा खोटं बोललो.

घुम्या


२० जून

घुम्या,

पत्र जाळलं. त्याआधी तीनदा वाचलं, कारण मला वाटलं माझंच डोकं फिरलंय.

अरे, माझ्याकडे कपडे बदलायची खोलीच नाही.

तू माझा दवाखाना पाहिलेला नाहीस, म्हणून सांगते. दोन खोल्या आहेत. एकीत सोनोग्राफी, दुसरीत एक्स-रे. कपडे बदलायला एक्स-रेच्याच खोलीत कोपऱ्यात हिरवा पडदा. भिंतीपलीकडे एका बाजूला रस्ता आणि दुसऱ्या बाजूला मोकळं पटांगण. तिथे कसल्या व्यक्ती आणि कसला सतत वावर?

आधी मला हायसं वाटलं. मग निरीक्षकाचा राग आला. त्याचं यंत्र तपासलं का असं विचारलं, त्याचं उट्टं काढलं म्हणायचं. आणि त्या बहाद्दराला खोटं रचताना निदान खोल्या तरी मोजता आल्या नाहीत. ते पान मला कुणी दाखवलं असतं तर एका मिनिटात मी त्याला पडद्यापाशी नेऊन उभं केलं असतं. न दाखवताच माझा गळा कापताहेत.

आता काय करू ते तूच सांग. सुनावणीत 'मला खोलीच नाही' असं म्हणायची सोय नाही, कारण खोलीचं मला कुणी विचारणारच नाही.

ताई


१ जुलै

ताई,

उशीर झाला. रजा मागितली होती, मिळाली नाही.

तू म्हणतेस तसंच असेल. निरीक्षकाने डूख धरला असेल.

मी सगळा विचार केला आहे. सुनावणीत गप्प राहा. तीन मुद्दे मांड, नमस्कार कर, बाहेर ये. ते नूतनीकरण नाकारतील. मग वरच्या कार्यालयात दाद माग. तिथे फाईल उघडली की गोपनीय पान निघेल, आणि ते तुला दाखवलंच नव्हतं म्हणून सगळा निर्णय रद्द होईल. तीन-चार महिने जातील, पण परवाना मिळेल. मी असे दोन निकाल पाहिले आहेत. मात्र तुला आधीपासून माहीत होतं असं दिसलं, तर ती वाटही बंद. तेव्हा तुझी भिस्त तुला काही माहीत नसण्यावर आहे.

गप्प राहिलीस तर तूही वाचशील आणि मीही. मला निवृत्तीला चौदा महिने उरलेत.

हेही जाळ.

घुम्या


१२ जुलै

घुम्या,

सुनावणीला तू होतास. लांब टेबलाच्या टोकाला, फायलींच्या ढिगामागे. बाकीच्यांच्या पाळ्या धरून सव्वा तास, एकदाही वर पाहिलं नाहीस. मीही तुझ्याकडे न बघण्याचा एवढा आटापिटा केला की मानेला रग लागली.

माझी पाळी सात मिनिटांची. दिवा, बिल्ले, सह्या. साहेब मान डोलावत होते. सहीचं सांगितलं तेव्हा 'अच्छा, तुम्ही आजारी होता का' असं इतक्या मायेने म्हणाले की मला क्षणभर वाटलं, सगळं ठीक होणार. मग विचारलं, 'आणखी काही सांगायचंय?' मी म्हणाले, 'नाही.' मग मला बाहेर बसायला सांगितलं. निरीक्षक मात्र आत राहिला आणि दार लोटून घेतलं. माझ्याविरुद्ध ज्याने लिहिलं तो आत, मी बाहेर बाकावर. आत काय बोलले ते तुला ठाऊक, कारण तूही आत होतास.

बसने परत येताना एक गोष्ट डोक्यात आली. सुडाने लिहिणारा माणूस 'भिंत गळते' एवढं लिहील. तो 'सहापट' असा नेमका आकडा आणि लोकांचा वावर असलेली अख्खी खोली कशाला रचेल? घुम्या, त्या पानात खोटं काही नसेल तर? ती भिंत खरीच असेल, फक्त माझी नसेल तर?

मग ती कुणाची? तिथे आत्ता कोण बसलंय?

तू हे पान लावलंस. तुला माहीत असणार. मला मोजकं उत्तर नको.

ताई


१६ जुलै

ताई,

माहीत आहे. तुझं वीस तारखेचं पत्र आलं त्या दिवसापासून माहीत आहे. निरीक्षकावर तू ठपका ठेवलास आणि मी ठेवू दिला. त्याने काही केलेलं नाही. हे माझ्या हातून झालं.

मार्चमध्ये त्याने एकाच दिवशी दोन दवाखाने तपासले. एक तुझा, दुसरा तुझ्या शेजारच्या गावातला, बसस्थानकासमोरचा नवा. गोपनीय पान एकच होतं. त्यावर दवाखान्याचं नाव लिहीत नाहीत, नुसती तारीख आणि सही. चुकून कुणाच्या हाती लागलं तर कुणाचं ते कळू नये म्हणून. ते मी फायलीला शिवत होतो आणि वरची फाईल उलटली तर तुझं नाव. खरं तर तेव्हाच उठून साहेबांना सांगायला हवं होतं, ही माझी बहीण आहे, फाईल दुसऱ्या टेबलावर द्या. नियम तसाच आहे. पण सांगितलं तर चार प्रश्न येतील, म्हणून नाही सांगितलं. टायपिस्ट बाई समोर बसल्या होत्या. नाव कुणाला दिसू नये म्हणून घाईघाईने पान घातलं, शिवलं, फाईल ढिगाखाली सरकवली. पान दुसऱ्या फायलीचं होतं.

सुनावणीनंतर दार लोटल्यावर साहेबांनी निरीक्षकाला एवढंच विचारलं, 'पान आहे ना?' तो म्हणाला, 'आहे.' कुणी उघडलं नाही. तो आठवड्याला वीस दवाखाने करतो, त्याला कुठली भिंत कुठली ते काय आठवणार. मी शेजारी उभा होतो आणि पुढची फाईल उचलली.

त्या नव्या दवाखान्याची फाईल स्वच्छ दिसली, म्हणून त्यांना मेमध्ये पाच वर्षांचा परवाना गेला. तो मीच पाकिटात घातला.

आता तूच सांग काय करू. मला जेवण जात नाही.

घुम्या


१९ जुलै

घुम्या,

काल मी तिथे गेले होते.

गुडघा दुखतो म्हणून नाव लिहिलं. छान दवाखाना आहे, फरशी चकचकीत, खुर्च्या नव्या. कपडे बदलायची खोली एक्स-रेच्या भिंतीला लागून, आत एक बाक आणि सहा खुंट्या. बाकावर दोन बायका आपापले कपडे मांडीवर घेऊन बसल्या होत्या. आणि खिडकीशी एक टेबल. तिथल्या तंत्रज्ञ बाई तिथेच नोंदी लिहितात, तिथेच डबा खातात. तिशीच्या असतील. मी विचारलं, इथे किती दिवस? म्हणाल्या, दवाखाना सुरू झाल्यापासून, दोन वर्षं होतील. छातीवरचा बिल्ला खुंटीला टांगलेला. यंत्रापाशी काम असेल तेव्हाच लावतात म्हणे, इथे काय गरज.

पलीकडे डॉक्टरांनी यंत्र सुरू केल्याचा आवाज आला आणि मी ताडकन उभी राहिले. त्यांना वाटलं, माझा नंबर आला. म्हणाल्या, 'बसा हो आजी, वेळ आहे अजून.'

मी त्यांना काय सांगितलं असेल? 'इथे कोंदट वाटतं, तुम्ही डबा बाहेर खात जा.' एवढंच. डॉक्टर आहे मी. त्या हसल्या आणि म्हणाल्या, बाहेर ऊन असतं. मी गुडघा न दाखवताच पळून आले.

मला लाज वाटते, आणि भीती वाटते ती आता परवान्याची नाही. मी काल दिवसभर साहेबांना पत्र लिहायला बसले होते. कसंही लिहिलं तरी दुसऱ्या ओळीत तू येतोस. तुझं नाव घातलं नाही तरी येतोस. म्हणून ते पत्र फाडून तुला लिहितेय. मी तुला न विचारता पाठवणार नाही. पण शुक्रवारपर्यंतच थांबेन. रोज त्या टेबलाशी कुणीतरी बसतंय, घुम्या, आणि ते या जगात आपल्या दोघांनाच माहीत आहे.

माझा परवाना गेला तर जाऊ दे. तुला मी यात ओढलं, त्याची माफी मागायला मला तोंड नाही.

ताई


२७ जुलै

ताई,

तू शुक्रवारी काही पाठवलं नाहीस ना? माझं आधीच झालं होतं.

बुधवारी साहेबांकडे गेलो. दारापाशी दोनदा परत फिरलो, तिसऱ्यांदा शिपायानेच आत ढकललं. सगळं सांगितलं: पान चुकीच्या फायलीत आहे, मी लावलं, आणि ती डॉक्टर माझी आतेबहीण आहे. साहेब चिडले नाहीत. त्यांनी मला बसायला सांगितलं, त्याचीच जास्त भीती वाटली. म्हणाले, 'एवढं काय त्यात? दोरा काढा, पान तिकडे शिवा. तुमच्या बहिणीचं नूतनीकरण करून टाकू. त्या दुसऱ्यांचा परवाना नोव्हेंबरच्या तपासणीनंतर बघू, तेव्हा काढून घेऊ. कुणाला काही कळायची गरज नाही.'

ताई, सगळं सुटत होतं. तुझं, माझं. मी टेबलावर येऊन दोरा काढलाही. पान हातात होतं. मग मनात आलं, नोव्हेंबरपर्यंत त्या बाई तिथेच डबा खाणार. आणि नोव्हेंबरात त्यांच्या डॉक्टरांना बल्बची नाहीतर सह्यांची नोटीस जाणार, आणि परवाना खरं कशासाठी गेला हे त्यांनाही कळणार नाही. म्हणजे मी परत तेच शिवणार, फक्त सुबक.

मी एकपानी निवेदन लिहिलं. चूक माझी, नातं लपवलं ते मी, पानातला मजकूर अर्जदाराला कळवला तोही मी. त्याला गोपनीय पानाची प्रत जोडली. एक त्या दवाखान्याला, एक तुला, एक वरच्या कार्यालयाला. साहेब जेवायला गेले होते तेवढ्यात जावक नोंदवहीत तिन्ही चढवली आणि क्रमांक टाकले. एकदा क्रमांक पडला की कागद मागे घेता येत नाही, हे एक मला पक्कं माहीत आहे. घाईत आकडे तुझ्या अक्षरासारखे आलेत. टायपिस्ट बाईंनी पाहिलं. उठल्या, दार लावून घेतलं आणि पुन्हा टाईप करत बसल्या.

शनिवारी त्या डॉक्टरांचा फोन आला. आधी मला वाटेल ते बोलले. मग विचारलं, कुठली भिंत. खोलीला कुलूप लावलंय आणि यंत्र बंद ठेवलंय, असं शेवटी म्हणाले. तंत्रज्ञ बाईंना तपासणीला पाठवलंय. त्यात काय निघतं ते माहीत नाही. ते मला कुणी कळवेल असंही नाही.

तुझी फाईल दुसऱ्या टेबलावर गेली. सुनावणी पुन्हा होईल, सगळी पानं देऊन. पण तारीख ऑगस्टमधली आहे, आणि तुला मजकूर आधी कळला होता याचा जाब द्यावा लागेल. एकतीसनंतर यंत्र बंद ठेव. ते मला टाळता आलं नाही.

मला पुढच्या सोमवारी अकरा वाजता बोलावलंय. चिठ्ठीत 'चौकशीकरिता उपस्थित राहावे' एवढंच आहे. कशाची, किती जणांपुढे, काही लिहिलेलं नाही. मी विचारायला गेलो तर म्हणाले, आल्यावर कळेल. बायकोला आज सांगितलं. ती रडली नाही, माझा शर्ट इस्त्रीला टाकला.

नियमांची पुस्तिका काल पहिल्यांदा नीट वाचली. ज्याला बोलावतात त्याला सोबत आपलं एक माणूस आणता येतं, असं त्यात आहे. एकतीस वर्षांत मी शेकडो लोकांना त्या बाकावर एकटं बसवलं. कुणी विचारलं नाही, म्हणून मी कुणाला सांगितलं नाही.

ताई, तू येशील?

घुम्या